व्हर्टिकल गेलेला टीव्ही आणि गाणारी फ्लॉपी

मदरबोर्डचे तुकडे चिकटवून केलेला गणपती मला आवडत नाही, हे आधीच सांगून टाकतो म्हणजे पुढचं भांडण सोपं जाईल. दरवर्षी कुठल्यातरी कॉलेजात, कंपनीच्या लॉबीत नाहीतर मॉलमध्ये असा एक बसतोच. रॅमच्या पट्ट्यांचा मुकुट, कीबोर्डच्या बटणांचा हार, पायाशी उंदीर म्हणून खराखुरा माऊस (हा विनोद ठरलेलाच), आणि शेजारी बोर्ड की एवढे एवढे किलो ई-कचरा वापरून ही पर्यावरणपूरक मूर्ती साकारली. लोक सेल्फी काढतात, पेपरात फोटो येतो. मेहनत असते त्यात, नाही कुठे म्हणतोय. पण त्या मूर्तीत तो मदरबोर्ड नक्की करतोय काय? हिरवी फरशी म्हणून बसलाय बिचारा. त्याच्या जागी हिरव्या काचेचे तुकडे लावले असते तरी मूर्ती तीच झाली असती.

म्हणून माझ्यापुरती मी एक विभागणी करून टाकलीये. भंगारातल्या इलेक्ट्रॉनिक्समधून कला करणाऱ्यांमध्ये काहीजण वस्तूचं रूप वापरतात आणि काहीजण तिचा गुण वापरतात. रूपवाल्यांना मेलेली वस्तू चालते, उलट मेलेलीच बरी पडते, कापायला सोपी. गुणवाल्यांना मात्र ती वस्तू थोडीतरी जिवंत लागते, तिच्यात काहीतरी फिरायला, कंप पावायला, चमकायला, नाहीतर निदान बिघडायला शिल्लक लागतं. मला ही दुसरी मंडळी आवडतात, आणि हा सगळा लेख त्यांच्याबद्दल आहे.

सुरुवात कोणापासून करायची यावर वाद होऊ शकतो पण मी नाम जून पैकपासून करतो. १९३२ साली सोलमध्ये जन्मलेला माणूस, संगीत शिकायला म्हणून जर्मनीत गेला आणि मार्च १९६३ मध्ये वुपर्टालच्या पार्नास गॅलरीत त्याने प्रदर्शन मांडलं ते आतून छेडछाड केलेल्या टीव्ही सेट्सचं. त्यातला एक सेट आणताना वाटेतच बिघडला. सगळं चित्र आक्रसून पडद्यावर नुसती एक आडवी रेघ उरली. दुसरा कोणी असता तर सेट परत पाठवला असता, पैकने तो उचलून कुशीवर उभा केला. रेघ उभी झाली. नाव दिलं 'झेन फॉर टीव्ही', आणि आज कलेच्या इतिहासाच्या पुस्तकांत त्या रेघेवर पानंच्या पानं आहेत.

हे मी ओळखीच्या एका टीव्ही मेकॅनिक काकांना सांगितलं. त्यांचं दुकान अजून आहे, आता तिथे मुख्यतः मिक्सर आणि इंडक्शन शेगड्या येतात, पण मागच्या फळीवर जुन्या पिक्चर ट्यूबा धूळ खात पडल्यात. मोबाईलवर फोटो दाखवला. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवून दोन सेकंद बघितलं असेल.

"व्हर्टिकल गेलाय."

"काका, ही कलाकृती आहे. म्युझियममध्ये असते."

"असू दे ना. पण व्हर्टिकल गेलाय. आणि ब्राइटनेस कमी करायला सांग त्यांना, ट्यूब जळेल."

बरोबर होतं त्यांचं. पिक्चर ट्यूबमध्ये इलेक्ट्रॉनचा एकच झोत असतो (रंगीतमध्ये तीन), त्याला डावीकडून उजवीकडे पळवणारं सर्किट वेगळं आणि वरून खाली आणणारं वेगळं. वरून खाली आणणारं बंद पडलं की सगळ्या ओळी एकाच जागी एकावर एक पडतात, पूर्ण पडद्यावर पसरायचा तो उजेड एका रेघेत गोळा होतो, आणि तेवढ्या पट्टीतला फॉस्फर (काचेच्या आतला चमकणारा थर) भाजून निघतो. दूरदर्शनच्या काळात ज्यांच्या घरी टीव्ही होता त्यांनी ही रेघ कधी ना कधी पाहिलेली आहे, बहुतेक रविवारी सिनेमाच्या वेळी. म्हणजे ज्या गोष्टीसाठी आपण मेकॅनिकला सायकलवरून बोलावून आणायचो तीच गोष्ट एकाने भिंतीशी उभी करून ठेवली. पण गंमत मला ही वाटते की काका आणि पैक दोघांनाही ती रेघ काय आहे हे पक्कं माहीत होतं. पैक काही येडबंबू नव्हता, त्याने सर्किटांचा रीतसर अभ्यास केला होता. काकांच्या मते ती दुरुस्त करायची गोष्ट, त्याच्या मते बघायची गोष्ट. आणि दुसऱ्या कुठल्याही वस्तूतून ती रेघ निघाली नसती. लाकडातून नाही, दगडातून नाही, टीव्हीतूनच.

दोन वर्षांनी त्याने टीव्हीच्या डोक्यावर भला मोठा नालासारखा लोहचुंबक ठेवला. झोत वाकला, पडद्यावर फुलासारखे आकार उमटले. आता हे वाचून एका विशिष्ट वयाच्या वाचकांचे कान गरम झाले असतील. जुन्या स्पीकरचा चुंबक टीव्हीला लावून बघितला नाही असं पोर आमच्या पिढीत नसेल. ब्लॅक अँड व्हाइटवर चालून जायचं, चुंबक काढला की चित्र जागेवर. पण १९८२ च्या एशियाडनंतर रंगीत टीव्ही घराघरांत यायला लागले आणि त्यांच्यात काचेमागे एक बारीक भोकांची पोलादी जाळी असायची, ती चुंबकाने भारली की कोपऱ्यात जांभळा-हिरवा डाग कायमचा. मग मेकॅनिक येऊन ती गोल कॉइल पडद्यासमोर फिरवायचा, डाग निघायचा, आणि आपल्याला मिळायचा प्रसाद. पैकला म्युझियम मिळालं, असो.

पैक निदान कलाकार म्हणून शिकलेला तरी होता. अमेरिकेतल्या सिनसिनाटीचा रीड गझाला तेव्हा शाळकरी पोरगा होता. १९६६-६७ च्या सुमाराची गोष्ट. टेबलाच्या खणात त्याचा एक छोटा बॅटरीवरचा अँप्लिफायर पडलेला, मागचं झाकण निघालेलं, आणि खणातल्या कुठल्यातरी धातूच्या वस्तूला लागून तो शॉर्ट झाला. शॉर्ट झाला की वस्तू बंद पडते असं आपण धरून चालतो. हा बंद पडला नाही, किंचाळायला लागला, वर-खाली सूर काढायला लागला, त्या काळी ज्या सिंथेसायझरला प्रचंड पैसे पडायचे तसले आवाज. पोराने विचार केला, आपोआप शॉर्ट होऊन हे होतंय तर मुद्दाम केलं तर काय होईल? बस. पुढे आयुष्यभर त्याने हेच केलं आणि १९९२ मध्ये या प्रकाराला 'सर्किट बेंडिंग' असं नाव दिलं. आज जगभर त्याचे पंथीय आहेत, फेकलेली खेळणी, बोलणाऱ्या बाहुल्या, लहान मुलांचे कीबोर्ड उघडून बसणारे. टेक्सस इन्स्ट्रुमेंट्सने १९७८ मध्ये काढलेलं 'स्पीक अँड स्पेल' हे स्पेलिंग शिकवणारं खेळणं तर यांचं कुलदैवत, कारण त्यातली बोलणारी चिप चुकीच्या दोन ठिकाणी वायर लावली की शब्दांचे तुकडे करून असं काही बरळते की ऐकणारा हादरतो.

या पंथातली मला सगळ्यात आवडणारी गोष्ट म्हणजे थिअरी येत नसली तरी चालतं. ओहमचा नियम पाठ नको. वायरचं एक टोक इकडे, दुसरं टोक तिकडे, ऐका. आवडलं तर पेनाने खूण करा आणि तिथे बटण डकवा. नाही आवडलं तर पुढे. कधीकधी बोट थुंकीने ओलं करून नुसतं बोर्डाच्या मागच्या बाजूला टेकवतात, आपल्या कातडीतून थोडा करंट जातो आणि सूर बदलतो, जोरात दाबलं की जास्त बदलतो, म्हणजे वाजवणारा स्वतःच सर्किटचा एक रेझिस्टन्स होऊन बसतो. अट एकच, वस्तू बॅटरीवर चालणारी पाहिजे. प्लगवाल्या वस्तूवर हा प्रयोग करणाऱ्याचे अनुभव ऐकायला मिळत नाहीत, कारण उघड आहे.

आता फ्लॉपीकडे येतो, म्हणजे कॉम्प्युटरच्या फाईली ठेवायची ती जुनी तबकडी आणि ती वाचणारा ड्राइव्ह, कारण हे मी स्वतः टेबलावर करून बघितलंय आणि त्यामुळे जरा लांबण लागणार आहे.

पोलंडमध्ये पावेल झाद्रोझ्नियाक नावाचा इंजिनिअर आहे. २०११ मध्ये त्याने दोन फ्लॉपी ड्राइव्हवर एका गाजलेल्या हॉलिवूडपटातली मार्चची धून वाजवून व्हिडिओ टाकला आणि तो जगभर फिरला. तिथून वाढत वाढत २०२२ मध्ये त्याचा 'फ्लॉपोट्रॉन ३.०' तयार झाला, त्यात ५१२ फ्लॉपी ड्राइव्ह, १६ हार्ड डिस्क आणि ४ स्कॅनर आहेत. भिंतभर. हार्ड डिस्कची मुंडी आपटून ताल, स्कॅनरचा दांडा सरकवून लांब सूर, आणि फ्लॉप्यांचा कोरस. ऐकताना हसू येतं आणि मग हळूहळू हसू थांबतं कारण माणसाने ते खरंच नीट बसवलंय, सूर लहान-मोठा करायचा तर एकाच वेळी किती ड्राइव्ह चालू ठेवायचे याचा हिशेब, सूर विरत जायला हवा तर एकेक ड्राइव्ह बंद करत न्यायचा, असं सगळं.

मला ते ५१२ जमणार नव्हते, एकच ड्राइव्ह पुण्याच्या जुन्या बाजारातून आणला. विकणाऱ्याला वाटलं मी सरकारी ऑफिसातला असेन. ड्राइव्हचं वरचं पत्र्याचं झाकण काढलं की आत काय आहे ते लगेच दिसतं, आणि हीच तर जुन्या वस्तूंची मजा. एक छोटी स्टेपर मोटर, तिच्या शाफ्टला सर्पिल खाचा असलेला दांडा, त्या खाचेत अडकलेली हेडची गाडी. मोटरला एक पल्स (विजेचा छोटा ठोका) दिला की हेड एक घर सरकतं. साडेतीन इंची फ्लॉपीवर अशी ८० घरं, म्हणजे ट्रॅक. मागे ३४ पिनांचं ते रुंद कनेक्टर. त्यातली १२ नंबरची पिन ग्राउंडच्या वायरला जोडली की ड्राइव्ह जागा होतो आणि त्याचा दिवा लागतो, १८ नंबरने दिशा ठरते, २० नंबरला पल्स द्यायचा. पाच व्होल्ट आणि एक आर्डुइनो (प्रोग्रॅम करता येणारा छोटा बोर्ड), बाकी काही लागत नाही. त्यासाठीचं मॉपी नावाचं फुकट सॉफ्टवेअर पण मिळतं.

सेकंदाला साधारण २६० पल्स दिले की पेटीवरच्या पांढरी एकचा सा लागतो. लागतो म्हणजे अक्षरशः लागतो, खरखरीत, नाकातला, पण पक्का सुरात. फक्त अडचण अशी की २६० च्या वेगाने ८० घरं एका सेकंदाच्या तिसऱ्या हिश्श्यात संपतात, हेड टोकाला आपटायच्या आत दिशा उलटी करायची, परत तिकडून इकडे, त्यामुळे लांबवलेल्या सुरात एक बारीक थरथर ऐकू येते जी काढता येत नाही आणि काढूही नये. मग मला नाद लागला. पल्सचा वेग एकदम बदलायच्या ऐवजी हळूहळू वाढवत नेला तर सा वरून रे वर घसरत जाता येतं. म्हणजे मींड! ज्या पेटीवर मींड निघत नाही, श्रुती लागत नाहीत म्हणून आकाशवाणीने १९४० पासून कित्येक वर्षं बंदी घातली होती, तिला जे जमत नाही ते या भंगारातल्या डबड्याला जमतं. कोणी शास्त्रीय संगीतवाला वाचत असेल तर माफी असावी, पण घरी येऊन ऐका एकदा.

हे करताना जाणवलं ते असं. हा आवाज त्या ड्राइव्हमध्ये पहिल्यापासून होता. कॉम्प्युटरवर बसून फ्लॉपीत फाईल कॉपी करताना जो गर्र गर्र टक् टक् यायचा तोच हा. बनवणाऱ्या इंजिनिअरच्या दृष्टीने तो कमी करायचा त्रास होता. वस्तूचं काम गेलं, फ्लॉपीत ठेवायचं काही राहिलं नाही, सोनीने २०११ मध्ये फ्लॉप्या विकणं थांबवलं, आणि मग तो त्रास तेवढा शिल्लक राहिला आणि त्याचंच वाद्य झालं.

कॅनडात माँट्रियलच्या दोघांनी १९९० च्या दशकाच्या शेवटी डॉट मॅट्रिक्स प्रिंटरची सिंफनी केली होती ती पण याच चालीची, ऑफिसमधून बाद झालेल्या प्रिंटरांना अशा फाईली पाठवायच्या की अक्षरं छापताना ठरलेला ताल निघेल. आपल्याकडे बँकेत पासबुक छापून घेताना हा कार्यक्रम आजही फुकट होतो.

पण या सगळ्यात मला सर्वात जास्त जवळचा वाटतो तो जपानचा एई वाडा. त्याचं पहिलं गाजलेलं काम जुन्या टीव्हींवरचं. डीव्हीडी प्लेअरच्या तीन पिना आठवतात ना, पिवळी, पांढरी, लाल? पिवळी चित्राची, बाकी दोन आवाजाच्या. याने आवाजाची वायर चित्राच्या सॉकेटात खुपसली. टीव्हीला काय कळणार आवाज आहे की चित्र, तो आलेल्या सिग्नलला इमानदारीत पडद्यावर काढतो, त्यामुळे पडद्यावर काळ्या-पांढऱ्या आडव्या पट्ट्या उमटतात, सूर जितका वरचा तितक्या पट्ट्या जास्त आणि बारीक. आता दुसरा भाग ऐका. पिक्चर ट्यूबच्या काचेसमोर हात नेला की केस उभे राहतात, लहानपणी सगळ्यांनी केलंय. तिथे विद्युत क्षेत्र असतं आणि ते पट्ट्यांबरोबर लवलवतं. वाडाने स्वतःच्या शरीराची अँटेना केली, अंगावरून वायर काढून गिटारच्या अँप्लिफायरला जोडली, आणि टीव्हीच्या काचेवर तबल्यासारखी थाप मारायला लागला. आवाजाचं चित्र झालं, चित्राचा हातातून परत आवाज झाला. ओळीने टीव्ही मांडून, एकेकात वेगळा सूर भरून, हा माणूस जलतरंगवाल्यासारखा त्यांच्यामध्ये बसून वाजवतो.

२०१५ पासून त्याने 'इलेक्ट्रॉनिकोस फँटास्टिकोस' म्हणून प्रकल्प सुरू केला, त्यात लोकांनी घरातल्या टाकाऊ वस्तू आणून द्यायच्या आणि बरोबर स्वतःही यायचं. नोकरदार, विद्यार्थी, हौशी, कोणीही. हिताची शहरात पण त्यांचा गट झाला, म्हणजे ज्या गावात ती कंपनी जन्माला आली त्याच गावात. टेबल फॅनच्या पात्यांच्या जागी भोकं पाडलेली चकती लावायची, एका बाजूला बल्ब, दुसऱ्या बाजूला उजेड पकडणारा सेन्सर. चकती फिरली की उजेड तुटक तुटक येतो आणि त्या तुटकपणाचा सूर होतो. दुकानातला बारकोड स्कॅनर थेट स्पीकरला जोडायचा आणि पट्ट्यापट्ट्यांचा शर्ट घालून एकाने उभं राहायचं, दुसऱ्याने त्याच्या अंगावरून स्कॅनर फिरवायचा, की शर्ट वाजतो. हे प्रत्यक्ष बघाल तर वेडे व्हाल.

आणि ही मंडळी या वाद्यांवर बॉन ओदोरी करतात. जपानात उन्हाळ्यात पूर्वज घरी येतात अशी समजूत आहे, त्यांच्यासाठी मधोमध मंच उभारून गोल फेर धरून नाचायचं. इथे मंचावर मेलेले पंखे आणि टीव्ही वाजतात आणि लोक भोवती नाचतात. पंख्या-टीव्हींचा पितृपक्षच म्हणा ना. शंभर वर्षं वापरलेल्या अवजारात जीव येतो अशी तिकडे जुनी कल्पना आहे, वाडा त्याच धाग्याने बोलतो, टाकलेली उपकरणं भुतं होऊन परत आलीत असं. आपल्याला हे ऐकून फार नवल वाटायचं कारण नाही. खंडेनवमीला काकांच्या दुकानात सोल्डरिंग गनला हळदकुंकू असतं, मल्टीमीटरवर झेंडूचं फूल असतं, आणि त्या दिवशी कोणी मिक्सर घेऊन आलं तर "आज नाही, उद्या या" असं उत्तर मिळतं. फरक इतकाच की आपण चालू असलेल्या अवजाराची पूजा करतो. बंद पडलं की मात्र ते अडगळ, माळ्यावर, आणि दिवाळीच्या साफसफाईत भंगारवाल्याकडे.

जपानचं सगळं कसं गोड आहे. किन्शासाचं तसं नाही. काँगोची ही राजधानी, आणि जगातल्या खाणींमधून निघणाऱ्या कोबाल्टपैकी साधारण ७० टक्के कोबाल्ट त्या एका देशातून निघतं, आपल्या फोनच्या बॅटऱ्यांसाठी. ते जातं बाहेर, आणि वापरून झालेला माल फिरून परत त्याच शहराच्या गटारांत येतो. तिथे एडी एकेते आणि त्याच्याबरोबरच्या कलाकारांनी या कचऱ्याचे पूर्ण अंगभर वेष केले. फोनचे सांगाडे, रेडिओचे बोर्ड, वायरींचे गुंडाळे घालून ही माणसं बाजारात, ट्रॅफिकमध्ये चालत जातात. एक बाई डोक्यापासून पायापर्यंत इलेक्ट्रिकच्या वायरींमध्ये असते, आणि शहरात वीज असते कुठे हा तिचा सवाल. त्याच शहरात फुलू मिझिकी नावाचा बँड आहे, कचऱ्याचं संगीत असाच त्याचा अर्थ, वाद्यं सगळी फेकलेल्या डब्या-पाइपांची. आता माझ्याच विभागणीप्रमाणे बघायला गेलं तर ते वेष 'रूपवाले' झाले, बोर्ड तिथे काही करत नाहीत, नुसते लटकलेत. मग ते मला का चालतात आणि लॉबीतला गणपती का चालत नाही? बराच विचार केला. मला वाटतं किन्शासात त्या वस्तूला स्वतःचा पत्ता आहे. ती तिथून गेली, तिथे परत आली, आणि जो अंगावर घालतोय तो त्याच रस्त्यावर राहतो. लॉबीतल्या मदरबोर्डला कुठलाच पत्ता नाही. तो आयटी डिपार्टमेंटच्या स्टोअरमधून आला आणि कार्यक्रम झाला की परत जाणार.

बाय द वे, या कलेने कचरा कमी होतो हे कृपया कोणी सांगू नका. २०२२ या एका वर्षात जगात ६ कोटी २० लाख टन ई-कचरा निघाला आणि त्यातला जेमतेम २२ टक्के रीतसर गोळा होऊन रिसायकल झाल्याची नोंद आहे. त्या ढिगापुढे ५१२ फ्लॉप्या म्हणजे काहीच नाही. दिल्लीच्या सीलमपूरमध्ये वायरी आणि बोर्ड फोडून, जाळून, ॲसिडमध्ये बुडवून तांबं-सोनं काढणाऱ्यांच्या फुप्फुसात जे जातं ते आपल्या मींडेने थांबत नाही. पिक्चर ट्यूबच्या काचेत शिसं असतं, किलोच्या हिशेबात. ती काच हातोडीने फोडणारा पोरगा कलाकार नाही आणि त्याला कोणी 'मेकर' (स्वतःच्या हाताने वस्तू घडवणारा हौशी) म्हणत नाही, जरी वस्तूच्या आत काय आहे हे त्याला आपल्या सगळ्यांपेक्षा जास्त माहीत असलं तरी.

मेकर वरून आठवलं. हा शब्द आपल्याकडे आला तो लॅब, थ्रीडी प्रिंटर, स्टार्टअप असा सूटबूट घालून. त्यातही एक अभिमानाची गोष्ट आहे, की अमेरिकेतल्या एमआयटी संस्थेची फॅब लॅबची (कोणीही येऊन वस्तू बनवावी अशा कार्यशाळेची) कल्पना अमेरिकेबाहेर सर्वात आधी जिथे रुजली ते आपलं पुणे जिल्ह्यातलं पाबळ, डॉ. कलबागांनी १९८३ मध्ये सुरू केलेला विज्ञान आश्रम, तिथे २००२ मध्ये लॅब उभी राहिली. पण त्याच्या कितीतरी आधीपासून गणपती मंडळांचे हलते देखावे होतेच की. जीपच्या वायपरची मोटर हनुमानाचा हात हलवायची. दिव्यांची पळती माळ करायला आजच्यासारखा कंट्रोलर नसायचा, लाकडी रूळ असायचा, त्यावर तांब्याच्या पट्ट्या तिरक्या ठोकलेल्या, मोटरने रूळ फिरला की पट्ट्या एकेका संपर्काला घासून जायच्या आणि बल्ब ओळीने लागायचे. मंडपाच्या मागे गेलं की त्या रुळाच्या ठिणग्या दिसायच्या आणि जळक्या तांब्याचा वास यायचा, आणि तिथे बनियनवर बसलेला एक इसम असायचा ज्याला सगळं मंडळ घाबरून असायचं, कारण तो रुसला तर रावणाची दहा डोकी हलणार नाहीत. त्याचं नाव कुठल्या पत्रिकेत नसायचं. माझ्या हिशेबात हे लोक गझाला आणि वाडाच्याच पंगतीतले. वस्तू कशासाठी बनवली होती याच्याशी त्यांना देणंघेणं नव्हतं, ती काय करू शकते एवढंच ते बघायचे.

आता मला खरी काळजी वाटते ती कच्च्या मालाची. हसू नका, गंभीरपणे म्हणतोय. वर सांगितलेली सगळी कला ज्या भंगारावर उभी आहे ते साधारण १९७० ते २००० च्या काळातलं. तेव्हा वस्तू स्क्रूने बंद व्हायच्या. आत सुटे भाग असायचे, हा रेझिस्टन्स, हा कंडेन्सर, ही मोटर, ही तिची वायर. दोन बिंदूंच्या मध्ये बोट ठेवायला जागा होती. आजचा फोन उघडायला हीट गन लागते, आत एकच मोठी चिप, तिच्या पोटातलं कोणालाच दिसत नाही, आणि सॉफ्टवेअरची सही जुळली नाही तर ती चालूच होत नाही. शॉर्ट केला तर गात नाही, मरतो. स्मार्ट स्पीकरचा सर्व्हर कंपनीने बंद केला की चांगला धडधाकट स्पीकर वीट होऊन बसतो, त्यात बिघडण्यासारखं पण काही नसतं. मदरबोर्डचा गणपती करणाऱ्यांना याने काही फरक पडणार नाही, त्यांना पुढची शंभर वर्षं पुरेल एवढा हिरवा माल आहे. गुणवाल्यांचं मात्र अवघड आहे. हा कचरा वजनाने वाढतोय पण त्यात वाजण्यासारखं कमी कमी होत चाललंय.

पैकच्या बाबतीत हे होऊनही गेलं. १९८८ मध्ये सोलजवळ ग्वाचनच्या राष्ट्रीय संग्रहालयात त्याने १,००३ टीव्हींचा साडेअठरा मीटर उंच मनोरा उभारला. १,००३ कारण कोरियाचा राष्ट्रस्थापना दिन ३ ऑक्टोबर, म्हणजे १०/०३. पिक्चर ट्यूबा एकेक जायला लागल्या, आगीचा धोका वाढला, आणि २०१८ मध्ये मनोरा बंद करावा लागला. मग प्रश्न, आता काय करायचं? पिक्चर ट्यूब तर कोणी बनवत नाही. सगळे एलसीडी बसवले तर पैकचा टीव्ही राहतो का? चार वर्षं खटपट करून २०२२ मध्ये तो परत लागला तेव्हा ७३७ ट्यूबवाले सेट दुरुस्त करून किंवा जुने शोधून आणून बसवलेले होते आणि २६६ लहान सेटांच्या जागी एलसीडी. म्हणजे भंगाराला कलेत नेणाऱ्या माणसाची कलाकृती वाचवायला म्युझियमवाल्यांना देशभर जुने टीव्ही हुडकावे लागले. काकांना हा आकडा सांगितला तर ते म्हणाले, मला बोलवायचं होतं, माझ्याकडे पाच पडल्यात. गंमतीत नव्हते म्हणाले, भाव पण सांगितला.

हे वाचून कोणाचे हात शिवशिवत असतील तर खेळण्यातल्या मोबाईलपासून सुरू करा, तो जत्रेत मिळणारा गाणी म्हणणारा. आत काळ्या डांबरासारख्या थेंबाखाली चिप लपवलेली असते, तिथे काही करता येत नाही, पण बहुतेक वेळा तिच्या शेजारी एखादा रेझिस्टन्स बाहेर असतो जो तिचा वेग ठरवतो. तो काढून तिथे जुन्या रेडिओचा व्हॉल्यूम कंट्रोल लावायचा, की गाणं हवं तेवढं संथ आणि घोगरं करता येतं. सेलच्या प्लस-मायनसला वायर थेट जोडू नका, बाकी कुठेही जोडा. टीव्ही, मायक्रोवेव्ह आणि कॉम्प्युटरच्या पॉवर सप्लायच्या वाटेला जाऊ नका, प्लग काढल्यावरही त्यांच्यात मारण्याइतका चार्ज साठून असतो, आणि ते ज्यांना येतं ते लेख वाचून शिकलेले नसतात. घरातला जुना इंकजेट प्रिंटर भंगारात द्यायचा असेल तर आधी त्यातल्या मोटरी काढून घ्या, दोन तरी निघतात. भंगारवाला वजनावर घेतो, फार तर पाच-दहा रुपये कमी देईल.